ससाफ्रासची ओळख आणि लागवड

तमालपत्र आणि दालचिनी मसाल्याच्या डब्यात शेजारी शेजारी असतात, आणि कापूर देव्हाऱ्यात. वनस्पतिशास्त्रज्ञाला विचाराल तर तो सांगेल की तमालाचे झाड, दालचिनीचे झाड आणि कापराचे झाड ही तिन्ही एकाच कुळातली भावंडे आहेत. आपल्या सह्याद्रीतला गुळुंब, महाबळेश्वरच्या रानातला पिसा आणि वैदूच्या पोतडीतली मैदालकडी हीदेखील त्याच घराण्यातली मंडळी. पान चुरगाळावे किंवा साल खरवडावी, की वास दरवळतो. बहुतेकांच्या अंगी ही घराण्याची खूण असतेच. या घराण्याची एक शाखा उत्तर अमेरिकेच्या पूर्व भागात आहे. तिचे नाव ससाफ्रास. आज तिचा परिचय करून घ्यावयाचा आहे.

आपण म्हणाल, सातासमुद्रांपलीकडच्या झाडाशी आपल्याला काय कर्तव्य? एके काळी हा प्रश्न रास्त होता. आता न्यू जर्सी, पेनसिल्व्हेनिया, व्हर्जिनिया या राज्यांत मराठी कुटुंबे घरेदारे करून राहिली आहेत. इथले आईवडील तिकडे जाऊन चार-सहा महिने राहतात, सकाळी फिरावयास निघतात आणि कुंपणाच्या कडेला नेमके हेच झाड भेटते. पान चोळून पाहिले तर वास थोडा लिंबासारखा, थोडा मसाल्याचा. आपल्याकडच्या माणसाला असा वास आला की पहिला विचार मनात येतो तो काढ्याचा! म्हणून हे झाड ओळखावे कसे आणि लावावे कसे, या दोन गोष्टींबरोबर तिसरीही सांगितली पाहिजे : त्याच्या मुळाशी वागावे कसे. मी इतिहास शिकवणारा माणूस, आणि या झाडाचा सारा इतिहास त्याच्या मुळात आहे.

प्रथम ओळख. ससाफ्रास उत्तरेस कॅनडातील ऑन्टारिओच्या दक्षिण भागापासून खाली फ्लॉरिडाच्या मध्यापर्यंत आणि पश्चिमेस टेक्सासच्या पूर्व भागापर्यंत आढळतो. उंची साधारणपणे ३० ते ६० फूट. उत्तरेकडे मात्र पुष्कळदा झुडुपाएवढाच राहतो. पडीक शेते, रस्त्याच्या कडा, कुंपणे, जंगलाची किनार या त्याच्या आवडत्या जागा. नांगर थांबला की काही वर्षांत जी झाडे मोकळ्या जमिनीवर हक्क सांगतात, त्यांपैकी हे एक.

त्याची प्रसिद्ध खूण म्हणजे पाने. एकाच झाडावर, कधी कधी एकाच फांदीवर, तीन तऱ्हांची पाने दिसतात. एक साधे, लांबट गोल. दुसरे अंगठा बाजूला काढलेल्या हातमोजासारखे. अंगठा कधी डाव्या अंगाला, कधी उजव्या. तिसरे तीन बोटांचे. ही खूण इतकी लोकप्रिय आहे की पुष्कळ जण तेवढ्यावरच समाधान मानतात. पण थांबा. आपल्या ओळखीची तुती आठवा. तुतीच्या झाडावरही काही पाने अखंड आणि काही फाटल्यासारखी खंडित असतात, आणि तुती त्या प्रदेशातही जागोजागी आहे. शिवाय ससाफ्रास जसा वयाने वाढतो, तशी त्याची बोटे असलेली पाने कमी होत जातात. जुन्या झाडावर बहुतेक पाने साधीच सापडतात. केवळ आकारावर विसंबणारा माणूस तुतीला ससाफ्रास म्हणेल आणि खऱ्या ससाफ्रासखालून सरळ निघून जाईल.

तेव्हा आकाराबरोबर आणखी चार गोष्टी पाहाव्यात. पहिली, पानाची कड. तुतीच्या पानाला करवतीसारखे दाते असतात. ससाफ्रासची कड गुळगुळीत. दुसरी, चीक. तुतीचे पान खुडले की पांढरा चीक येतो. ससाफ्रासला तो नाही. तिसरी, कोवळी डहाळी. ती हिरवी असते आणि भर हिवाळ्यात, अंगावर एक पान नसतानाही, हिरवीच राहते. चौथी, वास. डहाळी नखाने खरवडली की तो आलाच पाहिजे. या चारही गोष्टी जुळल्या, तर पानांचा आकार काहीही असो, झाड ससाफ्रास समजावे.

ऋतूप्रमाणेही ते ओळखता येते. वसंतात, म्हणजे तिकडच्या एप्रिल-मे महिन्यांत, पालवी फुटण्याच्या सुमारास फांद्यांच्या टोकांना पिवळसर हिरव्या बारीक फुलांचे झुबके येतात. नर-फुले एका झाडावर, मादी-फुले दुसऱ्या झाडावर. आपल्या पपईसारखाच प्रकार. उन्हाळा सरता सरता मादी-झाडावर वाटाण्याएवढी गडद निळी फळे पिकतात. प्रत्येक फळ लालभडक देठाच्या टोकावरच्या इवल्याशा लाल पेल्यात बसवलेले असते. पक्षी ती फार दिवस टिकू देत नाहीत. पुढे शरदात पाने पिवळी, नारिंगी, लाल, जांभळी होतात, आणि तेव्हा मात्र वाटसरूला झाड दाखवावे लागत नाही.

आता मुळाकडे वळू. युरोपियनांनी या झाडाचा ध्यास घेतला तो पानांसाठी नव्हे, तर मुळाच्या सालीसाठी. सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धात स्पेनमधील सेव्हिल शहराचा वैद्य निकोलास मोनार्डेस याने अमेरिकेतील औषधींवर ग्रंथ लिहिला आणि त्यात ससाफ्रासचे गुण वाखाणले. १५७७ साली त्या ग्रंथाचे इंग्रजी भाषांतर झाले. ताप, पोटाचे विकार, एवढेच काय पण त्या काळी युरोपभर धुमाकूळ घालणारा गरमीचा रोग, या सर्वांवर हे मूळ रामबाण मानले गेले. मग व्यापारी स्वस्थ कसे बसतील? १६०२ मध्ये बार्थोलोम्यू गॉस्नोल्डच्या जहाजाने आजच्या मॅसॅच्युसेट्सच्या किनाऱ्याजवळून ससाफ्रास भरून नेला. माल एकाएकी बाजारात आला तर भाव कोसळेल, अशी तक्रार सर वॉल्टर रॅले याने केली. दुसऱ्याच वर्षी, १६०३ मध्ये, ब्रिस्टलच्या व्यापाऱ्यांनी मार्टिन प्रिंगला याच मालासाठी धाडले. इंग्रजांची त्या किनाऱ्यावर कायमची वसाहत होण्यापूर्वीची ही गोष्ट आहे. मिरी-लवंगांसाठी आपल्या किनाऱ्याकडे जहाजे हाकणाऱ्या युरोपाने पश्चिमेच्या किनाऱ्याकडे ती हाकली, त्यामागे या मुळाचाही हात होता.

रोग काही त्याने बरा झाला नाही. पण चव मागे राहिली. अठराव्या शतकात लंडनच्या रस्त्यांवर ससाफ्रासचा दूधसाखर घातलेला गरम काढा विकला जाई. अमेरिकेत त्यापासून ‘रूट बिअर’ नावाचे पेय निघाले. १८७६ साली फिलाडेल्फियाच्या मोठ्या प्रदर्शनात चार्ल्स हायर्स याने ते लोकांपुढे मांडले आणि पुढे घरोघरी पोचवले.

मुळाच्या तेलातला मुख्य अंश म्हणजे सॅफ्रोल नावाचे द्रव्य. वासाचे सारे वैभव त्याचेच. पण प्रयोगशाळेत उंदरांना ते दीर्घकाळ खाऊ घातले तेव्हा त्यांच्या यकृतात कर्करोगाच्या गाठी झाल्या. यकृत या द्रव्याचे रूपांतर करते आणि त्यातून निघालेला पदार्थ पेशींच्या आनुवंशिक द्रव्याला जाऊन चिकटतो, असे पुढे दिसून आले. १९६० साली अमेरिकन सरकारने खाद्यपदार्थांत सॅफ्रोल आणि ससाफ्रासचे तेल घालण्यास बंदी केली. तेव्हापासून रूट बिअरमध्ये कृत्रिम स्वाद किंवा सॅफ्रोल काढून टाकलेला अर्क वापरतात.

इथे कोणी विचारील, ‘अहो, जायफळातही सॅफ्रोल असते म्हणतात, मग जायफळ टाकून द्यायचे का?’ प्रश्न योग्य आहे. जायफळात ते असते खरे, पण अल्प. आणि श्रीखंडात आपण जायफळ घालतो ते चिमूटभर, पेलाभर नव्हे. मूळ उकळून रोज सकाळी पिणे ही गोष्टच वेगळी. झाडपाला आहे, तेव्हा अपाय कसा होईल, ही आपली एक लाडकी समजूत आहे. ससाफ्रासने तीनशे-साडेतीनशे वर्षे शहाण्यासुरत्या माणसांना याच समजुतीत ठेवले. वास ओळखीचा वाटला म्हणून झाडही आपल्या घरचे झाले, असे समजू नये. या मुळाचा काढा करू नये, आणि विशेषतः गरोदर स्त्रियांना तर तो मुळीच देऊ नये.

पानांची गोष्ट निराळी. त्यांत सॅफ्रोल नाममात्र असते. अमेरिकेच्या दक्षिण भागातील चॉक्टॉ या आदिवासी लोकांनी सुकलेल्या पानांची पूड स्वयंपाकात आणली. लुईझियाना राज्यात तिला ‘फिले’ म्हणतात आणि ‘गंबो’ नावाच्या दाट रश्शात ती घालतात. पूड पडली की रस्सा बुळबुळीत, दाट होतो. भांडे चुलीवरून उतरवल्यावरच ती घालायची. उकळत्यात घातली तर तारा सुटतात. आणि गंमत अशी की गंबो हा शब्द आफ्रिकेतून गुलाम म्हणून नेलेल्या लोकांच्या भाषांतील भेंडीच्या नावावरून आला. तिकडे रस्सा दाट करावयास भेंडी तरी घालतात, नाही तर ससाफ्रासची पूड.

आता लागवड. प्रथमच सांगून टाकतो, महाराष्ट्रात याच्या नादी लागू नये. याला खरा हिवाळा लागतो. पानगळ होऊन काही महिने गारठ्यात विश्रांती लागते. ती कोकणातही नाही आणि देशावरही नाही. पुढची माहिती तिकडे अंगण असलेल्यांसाठी.

जागा उन्हाची निवडावी. सावलीत हे झाड खुरटते. जमीन निचऱ्याची, वाळूमिश्रित आणि किंचित आम्ल हवी. चुनखडीच्या जमिनीत पाने पिवळी पडतात. बी घ्यावयाचे तर फळ निळे होताच, पक्ष्यांच्या आधी, तोडावे; गर धुऊन काढावा आणि बी शरदातच जमिनीत पेरावे. ते न जमल्यास ओलसर वाळूत मिसळून शीतपेटीत सुमारे ५ अंश सेल्सिअसवर चार महिने ठेवावे आणि वसंतात पेरावे. ही थंडी मिळाल्याशिवाय बी नीट जागे होत नाही. सगळेच उगवेल अशी अपेक्षा ठेवू नये. चार हवी असतील तर डझनभर पेरावे. पहिली फुले दिसावयास दहाएक वर्षे लागतात, आणि फळे हवी असतील तर नर-मादी दोन्ही झाडे जवळपास पाहिजेत.

पुष्कळ लोक हा खटाटोप टाळून रानातले हातभर उंचीचे रोप उपटून आणतात. ते बहुधा मरते. कारण पुन्हा मुळातच आहे. ते रोप स्वतंत्र नसतेच. मोठ्या झाडाच्या जमिनीखाली पसरलेल्या मुळातून फुटलेला तो कोंब असतो. त्याची स्वतःची बारीक मुळे नगण्य, पोसणारी सगळी आईची. उपटले की नाळ तुटली! बियाचे रोप असले तरी त्याचे सोटमूळ लवकरच खोल जाते आणि काढताना तुटते. म्हणून रोपवाटिकेतून कुंडीत वाढवलेले, वर्षा-दोन वर्षांचे लहान रोप आणावे, मुळे न दुखवता एकदाच लावावे आणि पुन्हा हलवू नये. पहिली दोन वर्षे उन्हाळ्यात पाणी द्यावे. पुढे आजूबाजूला कोंब येऊ लागतील. एकच झाड हवे असेल तर ते वेळच्या वेळी कापीत राहावे. छोटी राई हवी असेल तर राहू द्यावेत.

आणि आता एक चिंतेची गोष्ट. २००२ साली जॉर्जिया राज्यात सव्हाना बंदराजवळ एक परदेशी भुंगेरा सापडला. लांबी जेमतेम दोन मिलिमीटर. मूळचा तो आशियातला. आपल्या देशातही त्याची नोंद आहे. बहुधा जहाजावरच्या लाकडी खोक्यांतून तो तिकडे पोचला. तो आपल्याबरोबर एक बुरशी वाहून नेतो. आशियातल्या झाडांना तिचा सहसा मोठा उपद्रव होत नाही; अमेरिकेतल्या त्यांच्या नातेवाइकांना मात्र ती सोसत नाही. बुरशी शिरताच पाणी वाहणाऱ्या नलिका तुंबतात आणि भर उन्हाळ्यात झाड उभ्या उभ्या वाळते. त्याच कुळातील ‘रेडबे’ नावाची झाडे कोट्यवधींनी मेली. फ्लॉरिडातल्या ॲव्होकाडोच्या बागांना झळ लागली, आणि ससाफ्रासही सुटला नाही. त्याची राई मुळांनी जोडलेली असल्यामुळे एका खोडातली बुरशी जमिनीखालून शेजारच्या खोडात जाऊ शकते. ज्या मुळांनी राई वाढवली, त्याच वाटेने रोगही चालतो.

यावर घरगुती इलाज नाही. काळजी घेणे तेवढे हाती आहे. एका गावचे सरपण दुसऱ्या गावी नेऊ नये. रोप जवळच्याच रोपवाटिकेतून घ्यावे. उन्हाळ्यात एखादी फांदी एकाएकी सुकली तर साल थोडी सोलून पाहावी. खालच्या लाकडात काळपट रेघा दिसल्या तर त्या राज्याच्या वनखात्याला कळवावे.

केंटकी राज्यातल्या ओवेन्सबरो गावी शंभर फुटांहून उंच असा एक ससाफ्रास प्रसिद्ध आहे. १९५७ च्या सुमारास रस्ता रुंद करण्यासाठी तो तोडण्याचे ठरले. तेव्हा घराची मालकीण बंदूक घेऊन झाडाशी उभी राहिली, असे सांगतात. गोष्ट गव्हर्नरपर्यंत गेली, झाड वाचले, आणि त्याच्या मुळांना धक्का लागू नये म्हणून रस्त्याच्या बाजूने भिंत बांधून देण्यात आली. २०१९ साली तो भुंगेऱ्याचा रोग केंटकीतही पोचल्याची नोंद झाली. रस्त्यापासून वाचवायला भिंत पुरली. या शत्रूला ती पुरणार नाही. त्याला आवर घालायचा तर सरपण न हलवणारी आणि वाळती फांदी वेळीच ओळखणारी माणसे गावोगाव हवीत.

तेव्हा तिकडे जाल तर या झाडाला अवश्य भेटा. पानाची कड पाहा, डहाळी हुंगा, नातवंडांना तीन तऱ्हांची पाने गोळा करावयास सांगा. मुळे मात्र जमिनीतच राहू द्या.