वजडीची पंगत

२६ जानेवारीची पहाट. झेंडावंदनाला जायचं म्हणून मी लवकर उठून चहा टाकला होता, तोच एडिंबरोहून मुलाचा फोन आला. तिकडे तेव्हा मध्यरात्र. "बाबा, आत्ताच बर्न्सच्या पंगतीतून आलो. आजी करायची ना वजडी, तिचीच बहीण खाऊन आलो!"

रॉबर्ट बर्न्स हा स्कॉटलंडचा लाडका कवी. जन्म २५ जानेवारी १७५९. त्याच्या जयंतीच्या रात्री तिकडे पंगती बसतात आणि मानाचं पान असतं 'हॅगिस'चं. मेंढीची कलेजी, हृदय आणि फुप्फुस शिजवून बारीक करायचं, त्यात ओटचा भरडा, कांदा, चरबी, मीठ-मिरी कालवायची आणि सगळं मेंढीच्याच पोटाच्या पिशवीत भरून तासन्‌तास उकडायचं. मटणाचे चांगले तुकडे ज्यांना परवडत नसत, त्यांचं हे अन्न. पण बर्न्सनं १७८६ साली त्याच्यावर कविता लिहिली. आज ताट आत येताना बॅगपाइप वाजतो, माणसं उठून उभी राहतात, आणि ती कविता म्हणता म्हणता हॅगिसवर सुरी चालते. अमेरिकेनं १९७१ साली खाण्यात फुप्फुस वापरायला बंदी घातली, तरी स्कॉटिश माणसानं आपलं ताट काही झाकून ठेवलं नाही.

मी मात्र ठेवलं होतं.

आमचं गाव मेहकरकडचं. वडील सालदार. बाजाराच्या दिवशी मटणाचा वाटा घेण्याची ऐपत नव्हती, म्हणून आई वजडी आणायची. ज्वारीचं पीठ लावून दाट केलेला तो झणझणीत रस्सा आणि गरम भाकर. आम्हा भावंडांची दिवाळीच. पुढे मी बँकेत लागलो, अधिकारी झालो, तालुक्याच्या गावी चांगल्या वस्तीत भाड्यानं राहू लागलो. एकदा आई आली ती पिशवीत वजडी घेऊनच. शेजाऱ्यापाजाऱ्यांनी, घरमालकांनी मला कधी काही म्हटलेलं नव्हतं. मीच म्हणालो, "आई, इथं हे नको. वास सुटतो. लोक काय म्हणतील?"

"बरं बाप्पा," एवढंच ती म्हणाली. त्यानंतर ती पंधरा वर्षं जगली, पण माझ्या घरात तिनं वजडी शिजवली नाही. नातवानं खाल्ली ती सुटीत गावी, तिच्या चुलीपाशी बसून.

फोन ठेवला आणि हे सगळं वर आलं. पुढच्या रविवारी मी खामगावच्या बाजारात गेलो. खाटकानं विचारलं, "साफ करून देऊ का, साहेब?" नको म्हणालो. आई करायची तसंच करायचं होतं. मोठ्या बहिणीला फोन लावला. ती आधी खूप हसली, मग म्हणाली, "पाणी लय उकळू देऊ नको. चटका बसला की मंग काळं साल निंगत नाही."

वजडीची एक बाजू टॉवेलसारखी लवदार आणि काळपट असते. ती गरम पाण्यात बुचकळायची, चुना चोळायचा आणि सुरीनं खरवडत राहायचं, पांढरी होईपर्यंत. मला दोन तास लागले. पाठ धरली, बोटं सुरकुतली. मग हळद-मिठानं धुणं, एकदा उकळून ते पाणी फेकणं, बारीक तुकडे करणं. वजडी स्वस्त, असं मी जन्मभर समजत होतो. उभं आयुष्य लोकांच्या कर्जाचं व्याज मोजण्यात गेलं, पण आईच्या त्या दुपारींचा हिशेब कधी मांडलाच नव्हता.

बायको आधी नाकाला पदर लावून दारात उभी होती. मग तिनंच सुकं खोबरं आणि कांदा भाजला, लसूण-आल्याचं वाटण केलं. कुकर लावताना ती खिडकी लोटायला गेली. म्हटलं, राहू दे उघडी.

शाहू पाटोळे यांचं 'अन्न हे अपूर्णब्रह्म' हे पुस्तक २०१५ साली आलं. मराठवाड्यातल्या महार-मांग समाजाच्या खाण्यापिण्यावरचं. ते वाचताना मी माना डोलावल्या होत्या. आपल्याकडे ताटात काय आहे यावरून माणसाची पायरी ठरवतात, हे अगदी खरं, असं मित्रांना सांगितलंही होतं. पण माझ्या स्वतःच्या कादंबऱ्यांत काय आहे? त्यातली माणसं पुरणपोळी खातात, पिठलं-भाकरी खातात, ठेचा खातात. वजडी एकही माणूस खात नाही. ज्या अन्नावर मी वाढलो, ते मी कागदावरसुद्धा येऊ दिलं नाही. मला कुणी अडवलं होतं?

रस्सा आईसारखा झाला नाही. पीठ जरा जास्त पडलं, आणि एक-दोन तुकडे चिवट राहिले. तरी पहिला घास घेतला आणि पुढचा घ्यायला थोडा वेळ लागला. बायकोनं काही विचारलं नाही. तिनं माझ्या ताटात आणखी एक भाकर ठेवली.

संध्याकाळी मुलाला फोन करून सगळं सांगितलं. तो क्षणभर गप्प राहिला, मग म्हणाला, "आणि ताट आणताना वाजवलं काय? बॅगपाइप तर नसेल."

म्हटलं, "कुकरच्या सात शिट्ट्या झाल्या. साऱ्या गल्लीला ऐकू गेल्या."