भांडवल शंभर पौंडांचे, धडा लाखमोलाचा

मोठ्या धंद्याला मोठे भांडवलच लागते, ही समजूत आपल्याकडे पक्की आहे. ती किती अपुरी आहे, हे दाखवणारी इंग्लंडमधील 'ॲमस्ट्रॅड' कंपनीची कहाणी आम्ही आज वाचकांपुढे ठेवत आहोत.

पूर्व लंडनमधील एका शिंप्याचा मुलगा ॲलन शुगर. शंभर पौंडांची बचत हाताशी. त्यातून ५० पौंडांची जुनी व्हॅन घेतली आणि मोटारीच्या रेडिओचे एरिअल दुकानोदुकानी विकायला सुरुवात केली. १९६८ साली कंपनी काढली. ॲलन मायकेल शुगर ट्रेडिंग या नावाची आद्याक्षरे जोडून ॲमस्ट्रॅड हा शब्द तयार झाला.

पहिला मोठा नफा झाला तो रेकॉर्ड प्लेअरच्या प्लॅस्टिक झाकणांत. इतर कारखानदार झाकणे महागड्या पद्धतीने बनवीत. शुगर यांनी साचा करून घेतला. साच्याला खर्च बराच येतो, पण हजारोंनी नग निघाले की एका नगामागे तो नाममात्र राहतो. त्यामुळे त्यांना प्रतिस्पर्ध्यांपेक्षा कितीतरी कमी भावात माल देता आला.

हीच नजर त्यांनी संगणकाकडे वळवली. त्या काळी घरगुती संगणक घेतला तरी टेपरेकॉर्डर वेगळा आणावा लागे, पडदा म्हणून घरचा टीव्ही अडवावा लागे. १९८४ च्या सीपीसी ४६४ मध्ये पडदा, कळफलक, टेप सारे एकत्र मिळाले आणि विजेचा प्लगही एकच! १९८५ साली पीसीडब्ल्यू ८२५६ आला. प्रिंटरसकट किंमत ३९९ पौंड, कर वेगळा. अनेक कचेऱ्यांतील टाइपरायटर त्याने हटवले. १९८६ साली प्रतिस्पर्धी सिंक्लेअरचा संगणक धंदा ॲमस्ट्रॅडने ५० लाख पौंडांना विकत घेतला.

त्याच वर्षी पीसी १५१२ बाजारात आला आणि अफवा उठली, पंखा नाही म्हणून यंत्र तापते. वीजपुरवठ्याचा भाग पडद्याच्या पेटीत असल्याने पंख्याची गरज नव्हती. तरीही शुगर यांनी वाद न घालता पंखा बसवून दिला.

खरी परीक्षा पुढेच होती. १९८८ साली आलेल्या पीसी २००० मालिकेत अमेरिकेच्या सीगेट कंपनीच्या हार्ड डिस्क बसवल्या होत्या. त्या बिघडू लागल्या. यंत्रे परत आली, विक्री थांबली. ॲमस्ट्रॅड न्यायालयात गेली, १९९७ साली लंडनमध्ये निकाल तिच्या बाजूने लागला आणि कोट्यवधी पौंडांची भरपाई मंजूर झाली. पण तोवर संगणकाची बाजारपेठ इतरांनी काबीज केली होती. पुढे कंपनी उपग्रह टीव्हीचे सेट बनवून तगली आणि २००७ साली सुमारे साडेबारा कोटी पौंडांना बीस्कायबीला विकली गेली.

अफवेवर पंख्याचा उतारा चालला, खऱ्या दोषावर कशाचाच चालला नाही. सुटा भाग कोणाचाही असो, पेटीवर ज्याचे नाव, गिऱ्हाईक त्यालाच जाब विचारते. बाहेरून आणलेला माल आपल्या नावाने विकणाऱ्या प्रत्येक दुकानदाराने हे ध्यानात ठेवावे, असे आम्हाला वाटते.