जीएसटी क्रमांक कोणाला, केव्हा आणि कसा : अर्ज करण्यापूर्वी समजून घ्यावयाच्या बाबी

जुलै २०२५ मध्ये कर्नाटकच्या वाणिज्य कर विभागाने यूपीआयद्वारे खात्यात जमा झालेल्या रकमांच्या आधारे राज्यातील अनेक लहान व्यापाऱ्यांना नोटिसा बजावल्या. बेकरी, चहाचे गाडे, किराणा दुकाने आणि भाजीविक्रेते यांचा त्यांत समावेश होता. वार्षिक जमा रक्कम मर्यादेपेक्षा अधिक असूनही जीएसटी नोंदणी का केली नाही, असा विभागाचा प्रश्न होता. बंगळुरूतील अनेक दुकानांवरील क्यूआर कोड त्यानंतर उतरवण्यात आले आणि व्यवहार रोखीने होऊ लागले. अखेर मुख्यमंत्री सिद्धरामय्या यांनी व्यापारी प्रतिनिधींची बैठक घेतली आणि जुनी थकबाकी वसूल केली जाणार नाही, मात्र नोंदणी करावी लागेल, असे स्पष्ट केले.

या प्रकरणाने एक गोष्ट ठळक केली. व्यवसायाचा कर ओळख क्रमांक घेणे ही केवळ कागदोपत्री औपचारिकता नाही. तो वेळेवर न घेतल्यास मागील काळाचा कर स्वतःच्या खिशातून भरण्याची वेळ येते. उलट, आवश्यकता नसताना घेतल्यास दरमहा किंवा दर तिमाहीच्या विवरणपत्रांचा भार मागे लागतो. त्यामुळे अर्ज कसा करावा, यापूर्वी अर्ज आपल्याला लागू आहे काय, हा प्रश्न विचारणे श्रेयस्कर ठरते.

तीन क्रमांक, तीन प्रयोजने

व्यवसायाशी संबंधित कर क्रमांकांबाबत बराच संभ्रम आढळतो. आयकरासाठीचा दहा अक्षरांचा पॅन हा सर्वांचा पाया आहे. एकल मालकाच्या व्यवसायाला स्वतंत्र पॅन नसतो. मालकाचा पॅन हाच व्यवसायाचा पॅन असतो. भागीदारी संस्था आणि कंपनी यांना मात्र स्वतःचा पॅन घ्यावा लागतो. वेतन, भाडे किंवा कंत्राटदाराचे देयक देताना उद्गम कर कापण्याची जबाबदारी असलेल्यांना टॅन लागतो. वस्तू व सेवांच्या विक्रीवर कर आकारण्यासाठी लागणारा क्रमांक म्हणजे जीएसटीआयएन, अर्थात बोलीभाषेतील जीएसटी क्रमांक.

जीएसटी क्रमांक पंधरा अक्षरांचा असतो आणि त्याची रचना समजून घेतल्यास बनावट देयक ओळखणे सोपे जाते. पहिले दोन अंक राज्याचे असतात. महाराष्ट्रासाठी २७, गोव्यासाठी ३०, कर्नाटकासाठी २९, गुजरातसाठी २४, मध्य प्रदेशासाठी २३, तेलंगणासाठी ३६ आणि दिल्लीसाठी ०७ असे संकेतांक आहेत. पुढील दहा अक्षरे म्हणजे त्या व्यावसायिकाचा पॅन. तेरावे स्थान त्याच पॅनवर त्या राज्यात घेतलेल्या नोंदणीचा अनुक्रम दर्शवते, चौदाव्या स्थानी सर्वसाधारणपणे ‘झेड’ हे अक्षर असते आणि शेवटचे अक्षर पडताळणीसाठी असते.

नोंदणी केव्हा बंधनकारक

वस्तू व सेवा कर १ जुलै २०१७ पासून देशात लागू झाला. केंद्रीय वस्तू व सेवा कर अधिनियम, २०१७ च्या कलम २२ मध्ये नोंदणीची मूळ मर्यादा सांगितली आहे. सेवा देणाऱ्यांसाठी ती वार्षिक २० लाख रुपये आहे. केवळ वस्तूंची विक्री करणाऱ्यांसाठी १ एप्रिल २०१९ पासून ही मर्यादा ४० लाख रुपये करण्यात आली. महाराष्ट्र, गोवा, गुजरात, कर्नाटक, मध्य प्रदेश, छत्तीसगड आणि दिल्ली येथे ती लागू आहे. तेलंगणा, पुद्दुचेरी, उत्तराखंड, सिक्कीम, मेघालय आणि अरुणाचल प्रदेश येथे वस्तूंसाठीही २० लाखांचीच मर्यादा आहे. मणिपूर, मिझोराम, नागालँड आणि त्रिपुरा या राज्यांत ती १० लाख रुपये आहे. आइस्क्रीम, पान मसाला, तंबाखूजन्य पदार्थ आणि विटा यांचा पुरवठा करणाऱ्यांना ४० लाखांच्या सवलतीचा लाभ मिळत नाही.

येथे दोन गैरसमज वारंवार आढळतात. पहिला, उलाढाल म्हणजे नफा, असा. ४५ लाख रुपयांचा माल विकून हाती दोन लाख उरले, तरी कायद्याच्या दृष्टीने उलाढाल ४५ लाखांचीच असते. दुसरा, प्रत्येक दुकानाची उलाढाल स्वतंत्रपणे मोजली जाते, असा. प्रत्यक्षात एका पॅनवरील देशभरातील सर्व व्यवसायांची उलाढाल एकत्र मोजली जाते. करमुक्त वस्तूंची विक्री आणि निर्यातही तीत धरली जाते.

मात्र जो केवळ करमुक्त वस्तूच विकतो, त्याला उलाढाल कितीही असली तरी नोंदणीची आवश्यकता नाही. ताजी भाजी आणि दूध विकणाऱ्यांना हा नियम दिलासा देणारा आहे. स्वतःच्या शेतात पिकवलेला माल विकणारा शेतकरीही त्या विक्रीपुरता नोंदणीच्या कक्षेबाहेर राहतो. कर्नाटकातील प्रकरणात गोंधळ वाढण्याचे एक कारण हेच होते. खात्यात जमा झालेली रक्कम कोणत्या मालाची आहे, हे केवळ यूपीआयच्या नोंदीवरून समजत नाही. त्यामुळे नोंदणी असो वा नसो, विक्रीची साधी वही ठेवणे हे व्यापाऱ्याचे पहिले संरक्षण आहे.

राज्याची सीमा ओलांडताना

कलम २४ नुसार काही व्यवहारांत उलाढालीची मर्यादा पाहिलीच जात नाही. दुसऱ्या राज्यात करपात्र माल विकणाऱ्यास पहिल्या विक्रीपासूनच नोंदणी घ्यावी लागते. बेळगावातील व्यापाऱ्याने चाळीस किलोमीटरवरील चंदगडच्या दुकानदाराला माल पाठवला, तरी तो आंतरराज्य व्यवहार ठरतो. अधिसूचित हस्तकला वस्तूंना यात ठरावीक मर्यादेपर्यंत सवलत आहे. सेवांच्या बाबतीत २० लाख रुपयांच्या उलाढालीपर्यंत आंतरराज्य व्यवहारांनाही सूट आहे. त्यामुळे नागपुरात राहून रायपूरच्या ग्राहकासाठी काम करणाऱ्या संकल्पचित्रकाराला केवळ त्या कारणासाठी नोंदणी घ्यावी लागत नाही.

सांगली जिल्ह्यातील खानापूर आणि आटपाडी तालुक्यांतून सोने-चांदीच्या गलाई व्यवसायासाठी देशभर गेलेल्या मराठी कुटुंबांसाठी आणखी एक तरतूद महत्त्वाची आहे. नोंदणी राज्यनिहाय असते. एकाच पॅनवर केरळ आणि तमिळनाडूत दुकाने असतील, तर दोन स्वतंत्र क्रमांक घ्यावे लागतात आणि दोन्हींची विवरणपत्रे स्वतंत्रपणे भरावी लागतात. परराज्यातील प्रदर्शनात काही दिवसांपुरते दुकान मांडणाऱ्यांसाठी नैमित्तिक करदात्याची नोंदणी आहे. ती व्यवसाय सुरू होण्यापूर्वी किमान पाच दिवस आधी मागावी लागते, अंदाजित कर आगाऊ भरावा लागतो आणि तिची मुदत सुरुवातीला कमाल ९० दिवस असते.

ई-कॉमर्स संकेतस्थळांद्वारे वस्तू विकणाऱ्यांना पूर्वी सरसकट नोंदणी बंधनकारक होती. १ ऑक्टोबर २०२३ पासून मर्यादेखालील लहान विक्रेत्यांना आपल्याच राज्यात, केवळ नावनोंदणी क्रमांक घेऊन अशी विक्री करता येते.

अर्जाचे टप्पे

अर्ज जीएसटीच्या सामाईक संकेतस्थळावर करावयाचा असून त्यासाठी कोणतेही शासकीय शुल्क नाही. सल्लागाराची मदत घेतल्यास त्याचे मानधन द्यावे लागते. ‘सरकारी फी’ म्हणून कोणी रक्कम मागितल्यास ती देऊ नये.

अर्जाच्या पहिल्या भागात पॅन, भ्रमणध्वनी क्रमांक आणि ई-मेल द्यावे लागतात. दोन्हींवर आलेल्या ओटीपीद्वारे पडताळणी झाल्यावर तात्पुरता संदर्भ क्रमांक मिळतो. तो १५ दिवस वैध असतो. त्या मुदतीत दुसऱ्या भागात व्यवसायाचे स्वरूप, पत्ता, मालक किंवा भागीदारांचा तपशील, विकल्या जाणाऱ्या वस्तू-सेवांचे संकेतांक आणि कागदपत्रे भरावी लागतात. त्यानंतर आधार पडताळणी होते. कंपन्यांना डिजिटल स्वाक्षरी आवश्यक आहे; एकल मालकाला ओटीपीद्वारेही अर्ज पूर्ण करता येतो. अर्ज दाखल झाल्यावर मिळणाऱ्या पोच क्रमांकावरून त्याची स्थिती पाहता येते.

आधार पडताळणी झालेल्या नेहमीच्या अर्जावर अधिकाऱ्याने सात कामकाजी दिवसांत निर्णय घेणे अपेक्षित आहे. पडताळणी न झाल्यास किंवा अर्ज जोखमीचा वाटल्यास जागेची प्रत्यक्ष पाहणी होते आणि मुदत ३० दिवसांची होते. अधिकाऱ्याने शंका विचारल्यास अर्जदाराने सात कामकाजी दिवसांत उत्तर द्यावे लागते. उत्तर न दिल्यास अर्ज फेटाळला जाऊ शकतो. मात्र विहित मुदतीत अधिकाऱ्याने कोणतीच कृती केली नाही, तर अर्ज मंजूर झाल्याचे मानले जाते.

१ नोव्हेंबर २०२५ पासून लहान व्यावसायिकांसाठी सुलभ पर्याय सुरू झाला आहे. नोंदणीकृत ग्राहकांना केलेल्या विक्रीवरील आपला कर दरमहा अडीच लाख रुपयांपेक्षा अधिक होणार नाही, असे घोषित करणाऱ्यांना आधार पडताळणीनंतर तीन कामकाजी दिवसांत नोंदणी देण्याची तरतूद आहे. हा पर्याय ऐच्छिक आहे.

पत्त्याचा पुरावा : बहुतेकांची अडचण

अर्ज अडकतो तो बहुधा जागेच्या कागदपत्रांवर. यासंदर्भात केंद्रीय अप्रत्यक्ष कर व सीमाशुल्क मंडळाने १७ एप्रिल २०२५ रोजी आपल्या अधिकाऱ्यांना स्पष्ट सूचना दिल्या. जागा स्वतःच्या मालकीची असल्यास मालमत्ता कराची पावती, वीजबिल, पाणीपट्टीची पावती यांसारखा कोणताही एक पुरावा पुरेसा आहे. जागा भाड्याची असल्यास भाडेकरार आणि घरमालकाच्या मालकीचा कोणताही एक पुरावा जोडावा. करार नोंदणीकृत असल्यास घरमालकाचे ओळखपत्र मागता येत नाही. तो नोंदणीकृत नसेल, तर मात्र ते द्यावे लागते. कागदपत्रांच्या मूळ प्रती मागू नयेत, असेही सूचनांत नमूद आहे.

अर्जदाराचे घर एका शहरात आणि दुकान दुसऱ्या शहरात का, अशा स्वरूपाचे प्रश्न विचारू नयेत, असे मंडळाने म्हटले आहे. पोटापाण्यासाठी गाव सोडून परराज्यात व्यवसाय करणाऱ्यांना या सूचनेचा उपयोग आहे. अशी विचारणा झाल्यास उत्तरात सूचनेच्या तारखेचा उल्लेख करता येईल. अर्जदाराने आपल्या बाजूने मात्र एक दक्षता घ्यावी. पॅन, आधार, भाडेकरार आणि वीजबिल यांतील नाव व पत्ता परस्परांशी जुळतात काय, हे अर्जापूर्वीच पाहावे. वीजबिल घरमालकाच्या दिवंगत वडिलांच्या नावे असणे, ही नेहमीची अडचण आहे. अशा वेळी मालमत्ता कराची पावती उपयोगी पडू शकते.

इतकी पडताळणी कशासाठी

नोंदणी सुलभ करतानाच पडताळणी कठोर होण्यामागे कारण आहे. १६ मे ते १५ जुलै २०२३ या कालावधीत राबवलेल्या देशव्यापी मोहिमेत नोंदणी असलेल्या २१,७९१ संस्था प्रत्यक्षात अस्तित्वातच नसल्याचे आढळले आणि २४,०१० कोटी रुपयांच्या करचुकवेगिरीचा संशय व्यक्त झाला. अशा कागदी संस्था मालाची विक्री न करता केवळ देयके विकतात. त्यांसाठी अनेकदा दुसऱ्यांच्याच पॅन व आधारचा वापर होतो आणि कर विभागाची नोटीस येते ती कर्जाच्या किंवा नोकरीच्या आमिषाने कागदपत्रे देऊन बसलेल्या सामान्य माणसाच्या दारी. म्हणूनच आता काही अर्जदारांना जीएसटी सुविधा केंद्रात जाऊन बोटांचे ठसे द्यावे लागतात.

आपल्या पॅनवर कोठे नोंदणी झाली आहे काय, हे सामाईक संकेतस्थळावरील शोध सुविधेतून कोणालाही पाहता येते. अनोळखी नोंदणी दिसल्यास संकेतस्थळावर तसेच संबंधित कर कार्यालयाकडे लेखी तक्रार करावी आणि पोलिसांतही नोंद करावी. आधारचा ओटीपी कोणालाही, अगदी ओळखीच्या सल्लागारालाही, कशासाठी हे समजून घेतल्याविना सांगू नये.

उशीर झाला तर

नोंदणीची जबाबदारी आल्यापासून ३० दिवसांत अर्ज करावा लागतो. मुदतीत अर्ज केल्यास नोंदणी त्या तारखेपासूनच लागू होते आणि शिल्लक मालावर पूर्वी भरलेल्या कराची वजावटही मिळू शकते. उशीर केल्यास नोंदणी मंजुरीच्या तारखेपासून लागू होते, पण मधल्या काळातील विक्रीवरील कराचे दायित्व कायम राहते. ग्राहकाकडून तो कर घेतलेला नसल्याने तो व्यापाऱ्यालाच सोसावा लागतो. याखेरीज नोंदणी टाळल्याबद्दल १० हजार रुपये किंवा बुडवलेला कर, यांपैकी अधिक असलेली रक्कम दंड म्हणून आकारण्याची तरतूद आहे.

क्रमांक मिळाल्यानंतर

नोंदणी मिळाल्यावर ३० दिवसांत, किंवा विक्रीचे पहिले विवरणपत्र भरण्यापूर्वी, यांपैकी जे आधी असेल तोपर्यंत, बँक खात्याचा तपशील द्यावा लागतो. प्रमाणपत्र व्यवसायाच्या ठिकाणी दर्शनी भागात लावणे आणि प्रवेशद्वारावरील फलकावर क्रमांक लिहिणे आवश्यक आहे. एखाद्या महिन्यात काहीच विक्री झाली नाही, तरी निरंक विवरणपत्र भरावेच लागते. त्यास विलंब झाल्यास दररोज २० रुपये, एका विवरणपत्रामागे कमाल ५०० रुपये, विलंब शुल्क लागते. मासिक विवरणपत्रे सलग सहा महिने न भरल्यास नोंदणी रद्द होऊ शकते. ती पूर्ववत करण्यासाठी आदेशानंतर ९० दिवसांत अर्ज करता येतो.

दीड कोटी रुपयांपर्यंत उलाढाल असलेल्या व्यापारी व उत्पादकांना कंपोझिशन योजनेचा मार्ग खुला आहे. त्यात उलाढालीवर एक टक्का, तर उपाहारगृहांना पाच टक्के कर भरावा लागतो. हिशेब सोपा होतो. परंतु ग्राहकाकडून कर घेता येत नाही, खरेदीवरील कराची वजावट मिळत नाही आणि परराज्यात माल विकता येत नाही.

मर्यादेखाली असताना स्वेच्छेने नोंदणी घेण्याची मुभाही आहे. ग्राहक स्वतः नोंदणीकृत व्यापारी किंवा कंपन्या असतील, तर ती लाभाची ठरते. कारण त्यांना वजावटीसाठी कराचे देयक हवे असते. ग्राहक सामान्य कुटुंबे असतील, तर मात्र पहिल्या रुपयापासून कर लागू होतो आणि शेजारच्या बिगरनोंदणीकृत दुकानाच्या तुलनेत माल महागतो. कोणता पर्याय योग्य, हे प्रत्येक व्यवसायाच्या ग्राहकांवर आणि उलाढालीवर ठरते. तो निर्णय नोटीस हाती येण्यापूर्वी, वर्षाच्या मध्यावर आपल्या विक्रीची बेरीज करून घेतल्यास ३० दिवसांची मुदत हातातून निसटत नाही.