साक्षीपुराव्यातला संसार

एप्रिल २०२४मध्ये विरार पश्चिमेला सांडपाणी प्रक्रिया केंद्राची सफाई करताना चार कामगार दगावले. विरारकर असल्याने ती बातमी मला लांबची वाटली नाही. त्यानंतर चैतन्य ताम्हाणे यांचा ‘कोर्ट’ (२०१४) पुन्हा पाहिला.

खटला अजब आहे. लोकशाहीर नारायण कांबळे (वीरा साथीदार) यांचं गाणं ऐकून वासुदेव पवार या सफाई कामगाराने मॅनहोलमध्ये जीव दिला, असा आरोप. मला मात्र चित्रपटाचा गाभा पवारच्या विधवेच्या साक्षीत दिसतो. या नवराबायकोला आपण एकत्र पाहतच नाही. त्यांचा संसार कळतो तो वकिलांच्या प्रश्नोत्तरांतून. वास सोसावा म्हणून तो दारू पिऊन उतरे. आधी खडा टाकून पाही; झुरळं वर आली, तर आत हवा आहे. संरक्षक साधनं नव्हती. ती हे रडून सांगत नाही आणि कॅमेराही जवळ सरकत नाही.

सरकारी वकील नूतन (गीतांजली कुलकर्णी) कोर्ट सुटल्यावर लोकलने घरी येते, स्वयंपाकाला लागते. आपल्याकडच्या कुठल्याही सोसायटीत शोभेल अशी बाई. तिच्यात दुष्टपणा नाही, काम उरकण्याची सवय आहे. म्हणूनच ती अस्वस्थ करते.

शेवटी कोर्टाला सुट्टी लागते. दिवे मालवतात, दाराला कुलूप पडतं आणि न्यायाधीश गोतावळ्यासह रिसॉर्टवर जातात. तशी रिसॉर्ट्स आमच्या अर्नाळ्यालाही आहेत.