कोकणी भाषानामाचा वाद
‘कोकणी’ हे नाव कोणत्या बोलींना द्यावे, याविषयीचा मतभेद. रायगड जिल्ह्यात सावित्री नदीच्या मुखाजवळील हरिहरेश्वर परिसराची बोली व गोव्याची भाषा या दोहोंना लोकव्यवहारात हेच नाव मिळते. सर जॉर्ज ग्रीअर्सन यांनी भाषासर्वेक्षणाच्या १९०५ मधील खंडात संगमेश्वरी, बाणकोटी इ. उत्तरेकडील बोली प्रमाण मराठीच्या निकट मानल्या. गोव्याची कोकणी वेगळी दाखविली, पण तीही मराठीची बोली म्हणूनच. पुढे साहित्य अकादेमीने १९७५ मध्ये कोकणीस स्वतंत्र साहित्यभाषेची मान्यता दिली व १९९२ मध्ये ती संविधानाच्या आठव्या अनुसूचीत आली. २०११ च्या जनगणनेत कोकणी भाषक सु. २२.५६ लाख होते. जनगणनेत मातृभाषेचे सांगितलेले नावच नोंदविले जात असल्याने हरिहरेश्वरचा एकच भाषक, बोली न बदलता, मराठी किंवा कोकणी गणला जाऊ शकतो.