आदेश आणि अंमल : न्यायमूर्ती फ्रँक जॉन्सन

फ्रँक मिनिस जॉन्सन (१९१८–१९९९) हे अमेरिकेच्या अलाबामा राज्यात जवळपास २४ वर्षे जिल्हा स्तरावरचे फेडरल, म्हणजे केंद्रीय, न्यायाधीश होते. सर्वोच्च न्यायालयात त्यांची नेमणूक कधी झाली नाही. तरीही दक्षिणेतला वंशभेद कायद्याच्या बळावर मोडून काढण्यात त्यांच्याइतका वाटा असलेले न्यायाधीश फार थोडे आहेत. निकाल लिहून ते थांबत नसत. तो प्रत्यक्षात उतरेपर्यंत खटला हातावेगळा झाला असे त्यांनी मानले नाही, आणि त्यांचे मोठेपण तिथेच आहे.

जॉन्सन यांचा जन्म उत्तर अलाबामातल्या विन्स्टन काउंटीचा. हा डोंगराळ भाग छोट्या शेतकऱ्यांचा. गुलामांच्या श्रमावर चालणारे कापसाचे मोठे मळे तिथे नव्हते. १८६१ मध्ये अलाबामा अमेरिकेतून फुटून निघाले, तेव्हा या काउंटीने त्याला विरोध केला होता. पुढे सारे राज्य डेमोक्रॅटिक पक्षाच्या मुठीत असतानाही विन्स्टन रिपब्लिकन राहिले. जॉन्सन यांचे वडीलही रिपब्लिकन होते. अलाबामा विद्यापीठातून कायद्याची पदवी घेऊन जॉन्सन दुसऱ्या महायुद्धात पायदळात गेले, नॉर्मंडीच्या मोहिमेत जखमी झाले आणि परतल्यावर जास्पर गावी वकिली करू लागले. १९५३ मध्ये राष्ट्राध्यक्ष आयझेनहॉवर यांनी त्यांना उत्तर अलाबामासाठी फेडरल सरकारी वकील नेमले. कृष्णवर्णीय मजुरांना वेठबिगारीत डांबून ठेवणाऱ्या एका जमीनदार कुटुंबातील दोघांना त्यांनी या काळात शिक्षा मिळवून दिली. १९५५ मध्ये, वयाच्या ३७ व्या वर्षी, ते माँटगोमेरी येथे फेडरल न्यायाधीश झाले.

अमेरिकेतली न्यायव्यवस्था दुपदरी आहे. राज्यांची न्यायालये वेगळी, आणि अलाबामासारख्या राज्यात तिथले न्यायाधीश निवडणुकीने येतात. फेडरल न्यायाधीशाला मात्र राष्ट्राध्यक्ष नेमतात, सिनेट संमती देते आणि नेमणूक तहहयात असते. ज्या राज्यात बहुतेक कृष्णवर्णीयांना मतदारयादीत शिरकावच नव्हता, तिथे मतांवर निवडून येणारा न्यायाधीश त्यांच्या बाजूने निकाल देईल ही आशा फोल होती. म्हणून वंशभेदाविरुद्धचे मोठे खटले फेडरल न्यायालयाकडे वळले.

जॉन्सन यांना पदावर येऊन वर्षही झाले नव्हते, तोच माँटगोमेरीच्या बसगाड्यांचा खटला उभा राहिला. बसमधली जागा गोऱ्या प्रवाशासाठी सोडायला नकार देणाऱ्या रोझा पार्क्स यांच्या अटकेनंतर शहरातल्या कृष्णवर्णीयांनी बसवर बहिष्कार टाकला होता. ‘ब्राउडर विरुद्ध गेल’ हा खटला मात्र ऑरेलिया ब्राउडर, क्लॉडेट कॉल्व्हिन यांच्यासह चार महिलांच्या नावाने चालला. पार्क्स त्यात वादी नव्हत्या. ५ जून १९५६ रोजी तीन न्यायाधीशांच्या पीठाने दोन विरुद्ध एक अशा मताने बसमधली वेगळी आसनव्यवस्था घटनाबाह्य ठरवली. रिचर्ड रिव्ह्ज आणि जॉन्सन बहुमतात होते. शाळांमधला वंशभेद सर्वोच्च न्यायालयाने १९५४ मध्ये रद्द केला होता. तेच तत्त्व बसला का लागू होऊ नये, असा त्यांचा सरळ विचार होता. नोव्हेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा निकाल कायम केला आणि डिसेंबरमध्ये बहिष्कार संपला.

याची किंमत जॉन्सन यांना मोजावी लागली. त्यांच्या घरासमोर क्रूस जाळला गेला, धमक्या येत राहिल्या, गोऱ्या समाजाने त्यांना वाळीत टाकले. घराभोवती वर्षानुवर्षे फेडरल मार्शलांचा पहारा राहिला. १९६७ मध्ये त्यांच्या आईच्या घरावर बाँब टाकण्यात आला. त्या सुदैवाने बचावल्या.

जॉर्ज वॉलेस हे जॉन्सन यांचे कायद्याच्या वर्गातले सहाध्यायी. १९५९ मध्ये ते राज्याच्या न्यायालयात न्यायाधीश होते आणि मतदार नोंदणीचे दप्तर फेडरल नागरी हक्क आयोगाला द्यायला त्यांनी जाहीर नकार दिला. जॉन्सन यांनी आदेश काढताच वॉलेस यांनी ते दप्तर ग्रँड ज्यूरीच्या, म्हणजे आरोप ठेवायचे का हे ठरवणाऱ्या नागरिकांच्या मंडळाच्या, हाती देऊन गुपचूप आयोगापर्यंत पोहोचू दिले. न्यायालयाच्या अवमानातून जॉन्सन यांनी त्यांना मुक्त केले, पण आदेश आडमार्गाने पाळला गेल्याचे निकालात नोंदवून ठेवले. पुढे जॉन्सन यांना शिव्या घालतच वॉलेस १९६२ ची गव्हर्नरपदाची निवडणूक जिंकले.

मतदानाच्या खटल्यांत जॉन्सन यांनी एक साधी, पण अमोघ कसोटी लावली. अर्जातल्या क्षुल्लक चुका दाखवून कृष्णवर्णीयांना नाकारले जाई आणि तशाच चुका करणारे गोरे सहज यादीत जात. यादीत घेतलेल्या सर्वांत कमी पात्रतेच्या गोऱ्याइतकी पात्रता ज्याची असेल, त्याची नोंद झालीच पाहिजे, असा आदेश त्यांनी दिला.

तरी ते नागरी हक्क चळवळीचे न्यायाधीश नव्हते. टस्कीगी शहराची हद्द २८ बाजूंची करून जवळजवळ सगळे कृष्णवर्णीय मतदार बाहेर काढले गेले, तेव्हा पूर्वनिर्णयांकडे बोट दाखवून जॉन्सन यांनी तो दावा फेटाळला होता. १९६० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांचा हा निकाल फिरवला, आणि ते योग्यच झाले.

७ मार्च १९६५ रोजी मतदानाच्या हक्कासाठी सेल्माहून माँटगोमेरीकडे निघालेल्या मोर्चेकऱ्यांना पोलिसांनी पुलावर झोडपले. त्यानंतरही सुनावणी होईपर्यंत जॉन्सन यांनी नव्या मोर्चाला मनाई केली. चळवळीचे नेते मार्टिन ल्यूथर किंग यांचे सहकारी नाराज झाले. सुनावणीत जॉन्सन यांनी त्या मारहाणीचे चित्रीकरण पाहिले, साक्षी ऐकल्या आणि १७ मार्चला परवानगी दिली. अन्याय जितका मोठा, तितका निषेधाचा हक्क व्यापक, हे त्यामागचे सूत्र होते. आदेशात बारकावेही होते: महामार्ग जिथे दोनपदरी होता, तिथे ३०० हून अधिक लोकांनी चालायचे नाही. राज्याने संरक्षण द्यायला हात वर केल्यावर राष्ट्राध्यक्ष लिंडन जॉन्सन यांनी राज्याच्या नॅशनल गार्ड या राखीव सैन्यदलाला फेडरल हुकमतीखाली घेतले. २५ मार्चला मोर्चा माँटगोमेरीत पोहोचला.

सत्तरच्या दशकात त्यांच्या कामाचा परीघ वाढला. टस्कलूसाच्या ब्राइस मनोरुग्णालयात सुमारे ५,००० रुग्ण नुसते कोंडलेले होते. ‘व्याट विरुद्ध स्टिकनी’ खटल्यात त्यांनी ठरवले की, उपचारांसाठी सक्तीने ठेवलेल्या माणसाला उपचार मिळणे हा त्याचा घटनादत्त हक्क आहे. सुधारणेसाठी राज्याला दिलेली मुदत फुकट गेली, तेव्हा १९७२ मध्ये त्यांनी स्वतःच निकष आखून दिले: एका खोलीत सहापेक्षा जास्त रुग्ण नकोत, आठ जणांमागे एक शौचालय हवे, आणि कर्मचारी किती हवेत याचीही मोजणी. न्यायाधीशाने रुग्णालय चालवायचे का, अशी टीका झाली. १९७६ मध्ये तुरुंगांबाबत असाच आदेश निघाल्यावर ती वाढली. पण राज्य सरकारने हक्क कबूल करून त्यासाठी काहीच करायचे नाही असे ठरवले, तर न्यायालयापुढे दुसरा मार्ग उरत नाही.

१९७७ मध्ये राष्ट्राध्यक्ष कार्टर यांनी त्यांना एफबीआयचे संचालकपद देऊ केले होते. आजारपणामुळे ते राहून गेले. १९७९ मध्ये ते अपील न्यायालयात गेले. प्रौढांमधले खासगी समलैंगिक संबंध गुन्हा ठरवणाऱ्या जॉर्जियाच्या कायद्याविरुद्ध तिथे त्यांनी १९८५ मध्ये निकाल दिला. सर्वोच्च न्यायालयाने तो पुढच्याच वर्षी उलटवला, पण २००३ मध्ये आपलीच ती भूमिका चुकीची असल्याचे मान्य केले. १९९५ मध्ये त्यांना ‘प्रेसिडेन्शियल मेडल ऑफ फ्रीडम’ हा सर्वोच्च नागरी सन्मान मिळाला. २३ जुलै १९९९ रोजी माँटगोमेरीत त्यांचे निधन झाले.

ब्राइस रुग्णालयाचा खटला तेव्हाही चालू होता. अलाबामाने निकष पाळल्याची खात्री पटल्यावर फेडरल न्यायालयाने तो डिसेंबर २००३ मध्ये, दाखल झाल्यापासून ३३ वर्षांनी, बंद केला.