टनांच्या भाषेंत अणुबाँब

एखादा अणुबाँब 'वीस हजार टनांचा' होता असें आपण वाचतों, तेव्हां हे टन कशाचे, हा प्रश्न सहसा कोणी विचारीत नाहीं. ६ ऑगस्ट १९४५ रोजीं हिरोशिमावर पडलेल्या बाँबचें स्वतःचें वजन साडेचार टनांच्या आंतच होतें. त्यांत युरेनियम सुमारें ६४ किलोग्रॅम, आणि त्यांतलेंहि प्रत्यक्ष विभागलें गेलें तें एक किलोग्रॅमहून कमी. तरी प्रेसिडेंट ट्रूमन यांनीं त्या बाँबची शक्ति वीस हजार टन टी.एन.टी.हून अधिक असल्याचें जाहीर केलें. पुढें बारकाईनें हिशेब झाल्यावर हा आकडा सुमारें १५ हजारांवर आला.

टी.एन.टी. म्हणजे तोफगोळ्यांत भरावयाची फिकट पिवळी दारू. तिच्या एका ग्रॅमच्या स्फोटांतून सुमारें एक हजार कॅलरी ऊर्जा निघते. हाच आकडा नेमका धरून हजार टनांना, म्हणजे एका 'किलोटना'ला, एक लक्ष कोटि कॅलरी असें माप पुढें ठरून गेलें. गंमत अशी कीं, आपल्या घरचें एक ग्रॅम तूप जळतांना सुमारें नऊ हजार कॅलरी देतें! पण तुपाला जळावयास वेळ लागतो, बाहेरची हवा लागते; टी.एन.टी.चें काम क्षणाच्या अत्यल्प भागांत आटोपतें. ऊर्जा किती, याइतकेंच ती किती वेळांत सुटते यालाहि महत्त्व आहे.

हें माप लावावयाचें कसें? १६ जुलै १९४५ रोजीं न्यू मेक्सिकोच्या वाळवंटांत पहिला अणुस्फोट झाला. त्यापूर्वीं ७ मे रोजीं शास्त्रज्ञांनीं तेथेंच एका लांकडी मचाणावर सुमारें शंभर टन टी.एन.टी.च्या पेट्या रचून उडविल्या, आणि आपलीं यंत्रें त्या धक्क्याशीं ताडून घेतलीं. सोनें तोलण्याआधीं सराफ कांटा पारखून घेतो, तसेंच हें. खऱ्या स्फोटाच्या वेळीं एन्रिको फर्मी यांनीं मात्र निराळीच युक्ति केली. सुमारें १६ किलोमीटर दूर उभे राहून, हवेची लाट येतांच त्यांनीं हातांतले कागदाचे कपटे सोडले. ते अडीच मीटर सरकले, आणि त्यावरून त्यांनीं दहा हजार टन असा अंदाज बांधला. यंत्रांनीं व रासायनिक परीक्षणानें पुढें वीस हजारांहून अधिक आकडा दिला; पण कागदाच्या कपट्यांकडून याहून जास्त अपेक्षा करणें अन्यायाचें होईल.

मुंबईला अशा टनांची ओळख त्याआधींच झाली होती. १४ एप्रिल १९४४ रोजीं व्हिक्टोरिया गोदींत 'फोर्ट स्टिकीन' ही बोट पेटली. तिच्यावर कापसाच्या गांठींसमवेत सुमारें चौदाशें टन स्फोटक माल होता. अर्ध्या तासाच्या अंतरानें दोन स्फोट झाले, शेंकडों माणसें मेलीं, आणि आगी आटोक्यांत यावयास तीन दिवस लागले.

मग हिरोशिमाचा बाँब म्हणजे मुंबईच्या दहापट अनर्थ, असें म्हणावें काय? येथें त्रैराशिक फसतें. धक्का चहूंकडे, वर-खालीं पसरतो. म्हणून दहापट ऊर्जेनें त्याची पोंच दहापट न वाढतां दहाच्या घनमुळाइतकी वाढते. एका फर्लांगावर जी भिंत कोसळेल, तशीच भिंत दहापट स्फोटानें दोन फर्लांगांच्या थोडी पलीकडे कोसळेल, एवढेंच.

हें ऐकून कोणाला हायसें वाटेल. परंतु अणुबाँबच्या शक्तीचा सुमारें अर्धाच भाग धक्क्यांत खर्ची पडतो. तिसऱ्या हिश्शाहून अधिक भाग उष्णतेच्या झोतांत जातो, आणि बाकीचा किरणोत्सर्गांत. टनांचा आकडा या साऱ्यांची बेरीज सांगतो, फोड सांगत नाहीं. हिरोशिमांत वरकरणी धडधाकट दिसणारीं कित्येक माणसें दोन-तीन आठवड्यांनीं आजारी पडलीं. केस गळाले, हिरड्यांतून रक्त येऊं लागलें, आणि तीं मेलीं. १९४५ अखेरपर्यंत सुमारें एक लक्ष चाळीस हजार माणसें मृत्यु पावलीं, असा त्या शहराचा अंदाज आहे. त्यांतल्या अनेकांच्या अंगावर एकहि भिंत पडलेली नव्हती.